दूरचित्रवाणी मालिकांतील पात्रनिवड आणि गुफी पेंटल यांची कारकीर्द : एक ऐतिहासिक अभ्यास

सारांश

भारतीय दूरचित्रवाणीच्या इतिहासलेखनात निर्माता, दिग्दर्शक, लेखक आणि अभिनेता यांची नोंद होते. पात्रांची निवड करणाऱ्या व्यक्तीची नोंद सहसा श्रेयनामावलीपुरती मर्यादित राहते. प्रस्तुत शोधनिबंधात बी. आर. चोप्रा निर्मित ‘महाभारत’ (१९८८-१९९०) या मालिकेचे पात्रनिवड दिग्दर्शक गुफी पेंटल यांच्या कारकिर्दीच्या आधारे या दुर्लक्षित व्यवसायाचा मागोवा घेतला आहे. मराठी रंगभूमी व मूकपटाच्या काळातील पात्रयोजनेच्या परंपरेशी त्याचा संबंध तपासून, पात्रनिवडीचे सार्वजनिक जीवनावर झालेले परिणाम आणि ग्रामीण कलावंताच्या दृष्टीने तिचे महत्त्व यांची चर्चा केली आहे.

बीजशब्द : पात्रनिवड, दूरदर्शन, महाभारत, गुफी पेंटल, मराठी रंगभूमी, ग्रामीण कलावंत.

प्रस्तावना

कोणत्याही नाट्यकृतीत संहिता आणि प्रेक्षक यांच्यामध्ये नट उभा असतो. संहितेतील व्यक्तिरेखा प्रेक्षकापर्यंत पोहोचते ती नटाच्या देहातून, आवाजातून आणि चेहऱ्यातून. त्यामुळे कोणती भूमिका कोणाला द्यावयाची हा निर्णय त्या कृतीच्या अर्थावरच परिणाम करणारा असतो. रंगभूमीवर हा निर्णय नाटकमंडळीचा मालक किंवा तालीममास्तर घेत असे. चित्रपटाच्या प्रारंभीच्या काळात तो निर्माता-दिग्दर्शकाने घेतला. दूरचित्रवाणीवर शेकडो पात्रांच्या दीर्घ मालिका सुरू झाल्या, तेव्हा मात्र हे काम एका स्वतंत्र व्यक्तीकडे सोपविण्याची गरज निर्माण झाली. व्यवसायात ज्याला ‘कास्टिंग डायरेक्टर’ म्हटले जाते, त्यासाठी या निबंधात ‘पात्रनिवड दिग्दर्शक’ हा शब्द वापरला आहे.

हा विषय केवळ मनोरंजनाच्या इतिहासाचा नाही. १९८० च्या दशकाच्या उत्तरार्धात रविवारी सकाळी ज्यांनी गल्लीतील एखाद्याच दूरचित्रवाणी संचासमोर बसून ‘रामायण’ आणि ‘महाभारत’ पाहिले, त्या पिढीच्या मनात कृष्ण, भीष्म, द्रौपदी आणि शकुनी यांचे चेहरे कायमचे ठरून गेले. कीर्तनातून, भारुडातून आणि पोथीच्या पारायणातून ज्या समाजाला ही पात्रे शतकानुशतके परिचित होती, त्या समाजासाठी त्यांची एकच एक दृश्यप्रतिमा निश्चित होणे ही सांस्कृतिक इतिहासातील महत्त्वाची घटना होय. ती प्रतिमा कोणी निवडली, कोणत्या परिस्थितीत निवडली आणि तिचे पुढे काय झाले, हे प्रश्न म्हणूनच इतिहासाच्या अभ्यासकाने विचारले पाहिजेत.

अभ्यासाची उद्दिष्टे

१. महाराष्ट्रातील रंगभूमी व चित्रपटातील पात्रयोजनेची पूर्वपीठिका समजून घेणे.
२. गुफी पेंटल यांच्या कारकिर्दीच्या आधारे दूरचित्रवाणीतील पात्रनिवडीच्या कामाचे स्वरूप स्पष्ट करणे.
३. पात्रनिवडीच्या सामाजिक व राजकीय परिणामांचा शोध घेणे.
४. ग्रामीण भागातील कलावंतांच्या संदर्भात या व्यवसायाचे मूल्यमापन करणे.

अभ्यासपद्धती

प्रस्तुत निबंधासाठी ऐतिहासिक व वर्णनात्मक पद्धतीचा अवलंब केला आहे. मालिकेतील श्रेयनामावली, कलावंतांच्या प्रसिद्ध मुलाखती आणि रंगभूमी-चित्रपटविषयक उपलब्ध इतिहास ही मुख्य साधने होत. मुलाखतीतील कथन हे स्मृतीवर आधारलेले आणि बहुधा यशानंतरचे असते. त्यामुळे जेथे माहिती केवळ कलावंताच्या निवेदनावर आधारलेली आहे, तेथे तसा निर्देश केला आहे.

पूर्वपीठिका : नाटकमंडळीपासून मूकपटापर्यंत

विष्णुदास भावे यांनी १८४३ मध्ये सांगली येथे ‘सीतास्वयंवर’ या नाटकाचा प्रयोग केला, तेव्हापासून मराठी रंगभूमीवर पात्रयोजनेचा प्रश्न उभा राहिला. स्त्रिया रंगमंचावर येत नसल्याने सीतेची भूमिका पुरुषालाच करावी लागे. अशा भूमिकेसाठी कोवळ्या वयाचा, गोड गळ्याचा आणि नाजूक अंगलटीचा मुलगा शोधणे हे मंडळीच्या चालकाचे मोठे काम असे. १८८० मध्ये अण्णासाहेब किर्लोस्कर यांच्या ‘शाकुंतल’ने संगीत नाटकाचे युग सुरू झाल्यावर गाण्याची अट अधिकच कडक झाली. भाऊराव कोल्हटकर आणि पुढे १९०५ मध्ये किर्लोस्कर मंडळीत दाखल झालेले नारायण श्रीपाद राजहंस, म्हणजेच बालगंधर्व, ही या शोधाची सर्वश्रेष्ठ फळे होत. येथे निवड करणारा आणि शिकविणारा बहुधा एकच असे. निवडलेल्या मुलाला मंडळीतच राहावयाचे असल्याने ती निवड एका भूमिकेपुरती नसून अनेक वर्षांपुरती असे.

चित्रपटाने ही व्यवस्था बदलली. दादासाहेब फाळके यांना ‘राजा हरिश्चंद्र’ (१९१३) या चित्रपटासाठी तारामतीची भूमिका करणारी स्त्री मिळाली नाही. शेवटी ग्रँट रोडवरील एका उपाहारगृहात काम करणारे अण्णा साळुंके त्यांच्या दृष्टीस पडले. दरमहा १० रुपये मिळविणाऱ्या साळुंके यांना फाळके यांनी १५ रुपये देऊ केले आणि भारतीय चित्रपटाला पहिली ‘नायिका’ मिळाली. याच साळुंके यांनी ‘लंकादहन’ (१९१७) मध्ये राम आणि सीता या दोन्ही भूमिका केल्या. दरम्यान ‘मोहिनी भस्मासुर’ (१९१३) साठी दुर्गाबाई कामत आणि त्यांची कन्या कमलाबाई या दोघींना घेऊन फाळके यांनी स्त्रीभूमिकेसाठी स्त्री निवडण्याचा पायंडा पाडला. रस्त्यावर, उपाहारगृहात, नात्यागोत्यात, जेथे मिळेल तेथे योग्य चेहरा शोधणे हे पात्रनिवडीचे मूळ तत्त्व फाळके यांच्या कामात स्पष्ट दिसते.

प्रभात फिल्म कंपनीच्या ‘संत तुकाराम’ (१९३६) चे उदाहरणही लक्षणीय आहे. रंगभूमीवर स्त्रीभूमिकांसाठी ओळखले गेलेले विष्णुपंत पागनीस हे तुकारामांच्या भूमिकेसाठी निवडले गेले. कणखर शेतकरी संताच्या भूमिकेसाठी स्त्रीपार्टी नट घेणे ही वरवर विसंगत वाटणारी निवड होती. परंतु त्यातून पडद्यावरील तुकारामाची जी प्रतिमा तयार झाली, ती महाराष्ट्राच्या मनात इतकी रुजली की पुढील प्रत्येक तुकारामाची तुलना पागनीसांशी होऊ लागली. निवडलेला चेहरा मूळ व्यक्तिरेखेचे स्थान घेतो, ही प्रक्रिया दूरचित्रवाणीच्या अर्धशतक आधी येथे घडलेली दिसते.

दूरचित्रवाणी आणि नव्या गरजेचा उदय

भारतात दूरचित्रवाणीचे प्रायोगिक प्रसारण १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्ली येथे सुरू झाले. मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ रोजी कार्यान्वित झाले. मुंबई केंद्राच्या प्रारंभीच्या मराठी कार्यक्रमांना कलावंतांचा पुरवठा मुख्यतः प्रायोगिक व व्यावसायिक रंगभूमीने केला. ‘चिमणराव’ मालिकेतील दिलीप प्रभावळकर आणि गुंड्याभाऊ झालेले बाळ कर्वे हे दोघेही रंगभूमीवरूनच आले होते. मुंबई-पुण्याचे नाट्यवर्तुळ लहान आणि परस्परपरिचित असल्याने निर्मात्याला स्वतंत्र पात्रनिवड दिग्दर्शकाची गरज भासली नाही. ओळख हीच निवडीची पद्धत होती. तिचा लाभ शहरी नाट्यवर्तुळाला झाला आणि त्या वर्तुळाबाहेरचा कलावंत बाहेरच राहिला, हेही नमूद केले पाहिजे.

७ जुलै १९८४ रोजी सुरू झालेल्या ‘हम लोग’ या मालिकेने परिस्थिती पालटली. प्रायोजित मालिकांचे युग सुरू झाले आणि एकाच कथेचे शंभराहून अधिक भाग दाखविण्याची शक्यता निर्माण झाली. २५ जानेवारी १९८७ पासून ३१ जुलै १९८८ पर्यंत रामानंद सागर यांच्या ‘रामायण’चे ७८ भाग प्रसारित झाले. यात राम व सीता झालेले अरुण गोविल आणि दीपिका चिखलिया हे दोघे सागर यांच्याच ‘विक्रम और बेताल’ मध्ये यापूर्वी दिसले होते. निर्मात्याने परिचित कलावंतांमधून निवड करण्याची जुनी रीत येथे काही अंशी टिकून होती.

‘महाभारत’ची गोष्ट निराळी होती. कुरुवंशाच्या अनेक पिढ्या, पांडव व कौरव, यादव, पांचाल, मत्स्य आणि गांधार अशी राजकुले, ऋषी, दास-दासी व सेनापती अशा विस्तीर्ण पात्रसमूहासाठी कोणत्याही एका निर्मात्याच्या ओळखीचे वर्तुळ पुरणारे नव्हते. शिवाय एकाच व्यक्तिरेखेसाठी बाल, किशोर आणि प्रौढ असे वेगवेगळे नट लागत. या गरजेतून पात्रनिवडीची जबाबदारी गुफी पेंटल यांच्याकडे आली.

पाश्चात्य जगातही हा व्यवसाय दूरचित्रवाणीशीच जोडलेला दिसतो. अमेरिकेत मॅरियन डॉहर्टी यांनी १९५० च्या दशकात न्यूयॉर्कमधील दूरचित्रवाणी नाटकांसाठी रंगभूमीवरील नवे नट शोधण्यापासून सुरुवात केली आणि पुढे चित्रपटातील पात्रनिवडीची पद्धतच बदलून टाकली. दर आठवड्याला नवे नाटक आणि प्रत्येक नाटकाला नवे चेहरे, या निकडीने तेथे हा व्यवसाय जन्माला घातला. भारतात चित्रपटासाठी रिचर्ड अ‍ॅटनबरो यांच्या ‘गांधी’ (१९८२) च्या वेळी डॉली ठाकोर यांनी हे काम केले. पुण्याच्या रोहिणी हट्टंगडी याच चित्रपटात कस्तुरबा म्हणून जगापुढे आल्या.

गुफी पेंटल : जीवन आणि कारकिर्दीचे टप्पे

गुफी पेंटल यांचे मूळ नाव सरबजीतसिंग पेंटल. त्यांचा जन्म ४ ऑक्टोबर १९४४ रोजी झाला. चित्रपटसृष्टीत विनोदी अभिनेते म्हणून प्रसिद्ध असलेले कंवरजीत पेंटल हे त्यांचे धाकटे बंधू. गुफी पेंटल यांचे शिक्षण अभियांत्रिकीचे होते. १९६२ च्या भारत-चीन युद्धाच्या काळात ते सैन्यात दाखल झाले. सीमेवर मनोरंजनाचे कोणतेही साधन नसल्याने जवान रामलीला करीत आणि त्या रामलीलेत आपण सीतेची भूमिका करीत असू, असे त्यांनी मुलाखतीत सांगितले आहे. सांगलीच्या पहिल्या सीतेपासून अण्णा साळुंके यांच्यापर्यंत चालत आलेली, पुरुषाने सीता होण्याची लोकपरंपरा विसाव्या शतकाच्या सातव्या दशकात सैन्याच्या छावणीतही जिवंत होती, असे यावरून दिसते.

१९६९ मध्ये ते मुंबईत आले. ‘रफू चक्कर’ (१९७५) सारख्या चित्रपटांतून त्यांनी लहान भूमिका केल्या. चरित्र अभिनेता म्हणून त्यांना फारसे नाव मिळाले नाही. परंतु या वर्षांचा एक लाभ असा की, काम मागणाऱ्या नटाची बाजू त्यांना आतून माहीत झाली. छायाचित्रे घेऊन कार्यालयांच्या पायऱ्या चढणे, चाचणीसाठी ताटकळणे आणि कारण न कळता नकार घेऊन परतणे, हा बिनानावाच्या नटाचा नित्यक्रम असतो. बी. आर. चोप्रा यांच्या निर्मितिसंस्थेशी संबंध आल्यावर त्यांनी ‘बहादूरशाह जफर’ (१९८६) या मालिकेत काम केले आणि ‘महाभारत’च्या वेळी पात्रनिवडीचे काम स्वीकारले.

‘महाभारत’ची पात्रनिवड : कामाचे स्वरूप

‘महाभारत’ ही मालिका २ ऑक्टोबर १९८८ ते २४ जून १९९० या काळात दूरदर्शनवरून ९४ भागांत प्रसारित झाली. बी. आर. चोप्रा आणि रवी चोप्रा यांचे दिग्दर्शन, राही मासूम रझा यांचे लेखन आणि पं. नरेंद्र शर्मा यांचे मार्गदर्शन तिला लाभले. पुण्याच्या भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिराने १९१९ ते १९६६ या काळात सिद्ध केलेल्या महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीचा संहितेला आधार होता. अर्थात संहिता विद्वत्तेवर उभी होती. परंतु सामान्य प्रेक्षकाला चिकित्सक आवृत्ती दिसणार नव्हती. त्याला दिसणार होते ते चेहरे.

पात्रनिवड दिग्दर्शकाचे काम अंतिम निर्णय घेण्याचे नसते. तो अधिकार निर्माता-दिग्दर्शकाचा असतो. त्याचे काम चाळणीचे असते. आलेल्या असंख्य उमेदवारांतून प्रत्येक भूमिकेसाठी दोन-तीन योग्य नावे पुढे ठेवणे, त्यांची कॅमेऱ्यासमोर चाचणी घेणे, वेशभूषेत ते कसे दिसतात हे पाहणे आणि एका नटाच्या निवडीने दुसऱ्या भूमिकेवर काय परिणाम होतो याचा विचार करणे, असे त्याचे स्वरूप असते. वरवर हे दुय्यम काम वाटले, तरी जो चाळणीतून खाली पडला त्याचे नाव दिग्दर्शकापर्यंत जातच नाही, ही या कामाची खरी सत्ता होय.

कलावंतांनी वेळोवेळी सांगितलेल्या हकिकतींवरून ही प्रक्रिया किती प्रवाही होती ते दिसते. मुंबईचे पशुवैद्य आणि मराठी रंगभूमीवरील तरुण नट नितीश भारद्वाज यांचा विचार प्रथम विदुराच्या भूमिकेसाठी झाला होता. मात्र विदुर पुढे वृद्ध होणार असल्याने ती भूमिका वीरेंद्र राजदान यांच्याकडे गेली. त्यानंतर नकुल-सहदेवाच्या भूमिकेचा प्रस्ताव भारद्वाज यांनी स्वीकारला नाही आणि अखेरीस त्यांची चाचणी श्रीकृष्णासाठी झाली. पुनीत इस्सर यांची शरीरयष्टी पाहून त्यांना भीम करण्याचा विचार होता. त्यांनी आग्रहाने दुर्योधन मागितला. पंकज धीर यांची निवड अर्जुनासाठी झाली होती. बृहन्नडेच्या प्रसंगासाठी मिशी काढण्यास त्यांनी नकार दिल्याने ती भूमिका हातची गेली आणि नंतर त्यांना कर्ण मिळाला. द्रौपदीसाठी जुही चावला यांचे नाव ठरले होते. परंतु ‘कयामत से कयामत तक’ (१९८८) या चित्रपटामुळे त्या बाहेर पडल्या आणि कोलकात्याच्या रूपा गांगुली यांची निवड झाली.

या हकिकतींतून तीन गोष्टी स्पष्ट होतात. पहिली म्हणजे, आज आपल्याला जी पात्रयोजना अटळ वाटते ती अटळ नव्हती. अर्जुन होऊ शकणारा नट कर्ण झाला आणि भीम होऊ शकणारा दुर्योधन झाला. दुसरी म्हणजे, भूमिकांची ही अदलाबदल बुद्धिबळाच्या पटासारखी होती. एक मोहरा हलला की इतरांच्या जागा बदलत. या पटावर संपूर्ण दृष्टी ठेवणे हे पात्रनिवड दिग्दर्शकाचेच काम होते. तिसरी म्हणजे, निवडीसाठी प्रसिद्धीची अट नव्हती. काही परिचित नावे वगळता मुख्य पात्रांसाठी तुलनेने नवे चेहरे घेतले गेले. प्रेक्षकाच्या मनात नटाची जुनी ओळख नसेल तर व्यक्तिरेखा लवकर ठसते, हे तत्त्व यामागे होते.

निवडीचे क्षेत्रही केवळ अभिनेत्यांपुरते मर्यादित नव्हते. भीमासाठी निवडलेले प्रवीणकुमार सोबती हे नामवंत क्रीडापटू होते. त्यांनी १९६६ आणि १९७० च्या आशियाई क्रीडास्पर्धांत थाळीफेकीत सुवर्णपदक मिळविले होते. अर्जुनाच्या भूमिकेतील फिरोज खान हे तर पुढे ‘अर्जुन’ याच नावाने व्यवसायात ओळखले गेले. कुंतीच्या भूमिकेत नाझनीन होत्या. राही मासूम रझा यांची लेखणी आणि हे कलावंत एकत्र पाहिले असता, देशाच्या महाकाव्याची ही निर्मिती सर्वधर्मीय सहभागातून झाली होती, हे त्या काळाच्या पार्श्वभूमीवर विशेष महत्त्वाचे ठरते. मराठी कलावंतांचा वाटाही लक्षात घेण्याजोगा आहे. नितीश भारद्वाज यांच्याशिवाय बलरामाच्या भूमिकेत सागर साळुंखे आणि उत्तरेच्या भूमिकेत गोव्याच्या वर्षा उसगावकर होत्या.

निवडणाराच निवडला जातो

शकुनीच्या भूमिकेची कथा या अभ्यासाच्या दृष्टीने सर्वांत महत्त्वाची आहे. पेंटल यांनी सांगितल्याप्रमाणे, या भूमिकेसाठी त्यांनी तीन नावे निश्चित केली होती. परंतु लेखक राही मासूम रझा यांनी, शकुनी तर तुमच्यातच आहे, अशा आशयाची सूचना केली आणि ती भूमिका त्यांच्याकडे आली. लंगडत चालणारा, एक डोळा बारीक करून बोलणारा, हातात फासे खुळखुळविणारा शकुनी त्यांनी असा उभा केला की पुढील पिढ्यांसाठी तोच शकुनी झाला.

या निवडीकडे दोन दृष्टींनी पाहता येते. एक टीकेची : निवड करणाऱ्याने स्वतः भूमिका घ्यावी आणि त्याचे बंधू कंवरजीत पेंटल यांना शिखंडीची भूमिका मिळावी, यात हितसंबंधांचा प्रश्न उपस्थित होतो. दुसरी इतिहासाची : त्या काळी पात्रनिवडीचा व्यवसाय अद्याप अभिनयापासून पूर्ण वेगळा झालेला नव्हता. नाटकमंडळीच्या मालकाने प्रमुख भूमिका करणे ही मराठी रंगभूमीवरील रूढ गोष्ट होती आणि फाळके यांनीही ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये आपल्या मुलाला रोहिदासाची भूमिका दिली होती. प्रस्तुत लेखकाच्या मते दोन्ही दृष्टी एकाच वेळी खऱ्या आहेत. दोन्ही भूमिका प्रेक्षकांनी स्वीकारल्या, हे निवडीचे कलात्मक समर्थन ठरते. मात्र ओळखीच्या वर्तुळाची जुनी सवय नव्या व्यवसायातही शिरली होती, हे त्यावरून नाकारता येत नाही.

या भूमिकेचा पेंटल यांच्या कारकिर्दीवर झालेला परिणाम विरोधाभासाचा आहे. शकुनीने त्यांना घराघरांत पोहोचविले, परंतु त्याच शकुनीने त्यांच्यातील पात्रनिवड दिग्दर्शकाला झाकून टाकले. पुढे त्यांनी ‘कानून’ सह अनेक मालिकांत अभिनय केला. २०१० मध्ये पंकज धीर यांनी मुंबईत स्थापन केलेल्या अभिनय प्रशिक्षण संस्थेचे प्रमुखपद त्यांनी स्वीकारले. ज्याला एकदा अर्जुनाऐवजी कर्ण मिळाला आणि ज्याने त्या निवडप्रक्रियेत भाग घेतला, ते दोघे नव्या नटांना शिकविण्यासाठी एकत्र आले, ही घटना बोलकी आहे. मार्च २०२० मध्ये टाळेबंदीच्या काळात ‘महाभारत’चे पुनःप्रसारण झाले आणि तीस वर्षांपूर्वीच्या निवडीला नवा प्रेक्षक मिळाला. ५ जून २०२३ रोजी गुफी पेंटल यांचे मुंबई येथे निधन झाले. तेव्हा लोकांच्या स्मरणात प्रामुख्याने शकुनीच होता. ज्या इतर पात्रांच्या निवडीत त्यांचा हात होता, ते काम पुन्हा एकदा श्रेयनामावलीतच राहिले.

पात्रनिवडीचे सार्वजनिक परिणाम

पौराणिक मालिकांतील निवडीचा प्रभाव पडद्यापुरता राहिला नाही. ‘रामायण’मधील सीता व रावण, म्हणजे दीपिका चिखलिया आणि अरविंद त्रिवेदी, १९९१ मध्ये लोकसभेवर निवडून आले. नितीश भारद्वाज १९९६ मध्ये जमशेदपूर मतदारसंघातून लोकसभेवर गेले. रूपा गांगुली यांची २०१६ मध्ये राज्यसभेवर नियुक्ती झाली आणि अरुण गोविल २०२४ मध्ये मेरठमधून खासदार झाले. युधिष्ठिराची भूमिका करणारे गजेंद्र चौहान यांची २०१५ मध्ये पुण्याच्या फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूटच्या अध्यक्षपदी नियुक्ती झाली, तेव्हा विद्यार्थ्यांनी १३९ दिवस संप केला. त्या वादात पात्रतेचा प्रश्न उपस्थित करण्यात आला आणि चर्चेत युधिष्ठिराच्या भूमिकेचा उल्लेख सातत्याने होत राहिला.

येथे कोणत्याही पक्षाचे वा व्यक्तीचे मूल्यमापन करण्याचा हेतू नाही. मुद्दा असा की, चाचणीच्या खोलीत घेतलेला निर्णय पुढे सार्वजनिक भांडवल होऊ शकतो. व्यक्तिरेखेचे पावित्र्य नटाकडे आणि नटाकडून सार्वजनिक जीवनाकडे वाहत जाते. पात्रनिवड करणाऱ्याला हे अभिप्रेत नसते. परंतु इतिहासात अभिप्रेत नसलेल्या परिणामांचीच नोंद अधिक महत्त्वाची ठरते.

व्यवसायाचे बदलते स्वरूप

१९९२ मध्ये झी टीव्ही सुरू झाल्यावर उपग्रह वाहिन्यांचे युग अवतरले. मराठीत १९९९ मध्ये अल्फा टीव्ही मराठी आणि २००० मध्ये ई टीव्ही मराठी या वाहिन्या सुरू झाल्या. साप्ताहिक मालिकेची जागा दैनंदिन मालिकेने घेतली. १९८८ चे ‘महाभारत’ ९४ भागांत संपले होते. २०१३-१४ मध्ये स्टार प्लसवर प्रसारित झालेल्या ‘महाभारत’चे २६७ भाग एका वर्षाच्या आत झाले. या वेगात पात्रनिवड हे स्वतंत्र कार्यालय, सहायक आणि चाचण्यांचा संग्रह असलेले व्यावसायिक काम झाले.

चित्रपटातही हे स्थान दृढ होत गेले. ‘बँडिट क्वीन’ (१९९४) ची पात्रनिवड तिग्मांशू धुलिया यांनी केली. पुढे ते दिग्दर्शक म्हणून प्रसिद्ध झाले. मराठी नावांत ‘थ्री इडियट्स’ (२००९) ची पात्रनिवड करणारे रोहन मापुसकर उल्लेखनीय आहेत. जागतिक पातळीवर लिन स्टॅलमास्टर यांना २०१६ मध्ये सन्माननीय ऑस्कर मिळाले; हा सन्मान मिळविणारे ते पहिले पात्रनिवड दिग्दर्शक. २०२५ मधील चित्रपटांपासून पात्रनिवडीसाठी स्वतंत्र ऑस्कर पुरस्कार देण्याचा निर्णय अकादमीने २०२४ मध्ये जाहीर केला. व्यवसाय अस्तित्वात येऊन सात दशके लोटल्यानंतर मिळालेली ही मान्यता आहे.

ग्रामीण कलावंताच्या दृष्टीने

पाटोद्यासारख्या बालाघाटच्या डोंगररांगांतील तालुक्यात हा विषय दूरचा वाटण्याची शक्यता आहे. वस्तुतः तो आपल्या वर्गातील विद्यार्थ्यांचा विषय आहे. युवक महोत्सवात एकांकिका करणारा, भारूड वा पथनाट्य सादर करणारा ग्रामीण विद्यार्थी गुणवत्तेने कमी नसतो. तो कमी पडतो ते चाचणीच्या खोलीपर्यंत पोहोचण्यात. ही खोली आजही मुख्यतः मुंबईच्या पश्चिम उपनगरांत आहे. तेथे पोहोचण्यासाठी लागणारे प्रवासभाडे, राहण्याची सोय आणि महिनोन्महिने उत्पन्नाशिवाय थांबण्याची ताकद ऊसतोड करणाऱ्या कुटुंबातील मुलाकडे नसते. म्हणजेच पात्रनिवड होण्यापूर्वीच एक निवड होऊन गेलेली असते आणि ती आर्थिक असते.

दुसरा अडसर भाषेचा आहे. मराठवाड्याची बोली मराठी मालिकांत दीर्घकाळ विनोदापुरती वापरली गेली. प्रमाण भाषा बोलणारा नायक आणि बोली बोलणारा नोकर वा विदूषक, ही विभागणी लेखनात असते तशीच ती निवडीतही असते. तिला छेद देणारी उदाहरणे चित्रपटाने दिली. नागराज मंजुळे यांनी ‘फँड्री’ (२०१३) साठी सोमनाथ अवघडे आणि ‘सैराट’ (२०१६) साठी अकलूजच्या रिंकू राजगुरू यांची निवड केली. दोघांनाही अभिनयाची व्यावसायिक पार्श्वभूमी नव्हती आणि दोघांच्याही कामाची राष्ट्रीय पुरस्कारांत दखल घेतली गेली. चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’ (२०१४) मध्ये लोकशाहिराची मध्यवर्ती भूमिका नागपूरचे कार्यकर्ते वीरा साथीदार यांनी केली. येथे नट चाचणीच्या खोलीकडे गेला नाही. निवड करणारा गावाकडे आला. फाळके यांनी उपाहारगृहात साळुंके शोधले, त्याच पद्धतीचे हे पुनरागमन होय. भ्रमणध्वनीवर स्वतः चित्रित केलेली चाचणी पाठविण्याच्या पद्धतीने हे अंतर आणखी काहीसे कमी केले आहे.

याच संधीबरोबर फसवणुकीचा धोकाही आला आहे. नोंदणी शुल्क, छायाचित्रसंचाचा खर्च किंवा ‘भूमिका निश्चित’ करण्यासाठी रक्कम मागणारे लोक ग्रामीण तरुणांच्या अज्ञानाचा लाभ घेतात. पात्रनिवड दिग्दर्शकाला त्याचे मानधन निर्मात्याकडून मिळते. नट मिळवून देणारा समन्वयक काम मिळाल्यानंतर नटाच्या मानधनातून ठराविक टक्केवारी घेतो. काम मिळण्यापूर्वी उमेदवाराकडून पैसे घेणे हे यांपैकी कोणाच्याही कामाचा भाग नाही. एवढी साधी माहिती महाविद्यालयाच्या सांस्कृतिक विभागाने विद्यार्थ्यांपर्यंत पोहोचविली तरी अनेक कुटुंबांचे नुकसान टळेल. विशेषतः विद्यार्थिनींच्या सुरक्षिततेच्या दृष्टीने ही माहिती देणे हे शिक्षकांचे कर्तव्यच आहे.

निष्कर्ष

१. पात्रनिवड ही नवी कल्पना नाही. भावे, किर्लोस्कर मंडळी, फाळके आणि प्रभात यांच्या कार्यात तिची सलग परंपरा दिसते. दूरचित्रवाणीने तिला स्वतंत्र व्यवसायाचे रूप दिले.

२. दीर्घ मालिका आणि विस्तीर्ण पात्रसमूह यांच्या गरजेतून पात्रनिवड दिग्दर्शकाचे पद निर्माण झाले. गुफी पेंटल यांची कारकीर्द या संक्रमणकाळाची प्रातिनिधिक कारकीर्द होय. ते नट, निवड करणारे आणि शिक्षक अशा तिन्ही भूमिकांत वावरले.

३. पात्रनिवड दिग्दर्शकाची सत्ता अंतिम निर्णयात नसून वगळण्यात असते. ज्यांचे नाव पुढे गेले नाही त्यांचा इतिहास उपलब्ध नाही, ही या क्षेत्रातील अभ्यासाची मूलभूत मर्यादा आहे.

४. पौराणिक मालिकांतील निवडीने समाजमनातील दैवतांची दृश्यप्रतिमा निश्चित केली आणि तिचे परिणाम राजकारण व सांस्कृतिक संस्थांपर्यंत पोहोचले.

५. ओळखीवर आधारलेल्या निवडीपासून खुल्या चाचणीकडे झालेला प्रवास अपूर्ण आहे. भाषा, अंतर आणि आर्थिक स्थिती यांमुळे ग्रामीण कलावंत आजही मोठ्या प्रमाणावर निवडप्रक्रियेबाहेर राहतो.

पात्रनिवडीच्या कागदपत्रांचे, चाचण्यांच्या ध्वनिचित्रफितींचे आणि या व्यवसायातील ज्येष्ठांच्या आठवणींचे जतन करणे ही पुढील संशोधनाची निकड आहे. पहिल्या पिढीतील माणसे एकेक करून काळाच्या पडद्याआड जात आहेत. पंकज धीर यांचेही ऑक्टोबर २०२५ मध्ये निधन झाले. कोण दिसले याचा इतिहास पडद्यावर सुरक्षित आहे. ते का दिसले आणि इतर का दिसले नाहीत, याचा इतिहास मात्र सांगणाऱ्यांबरोबरच नाहीसा होत आहे. मौखिक इतिहासाच्या साधनांनी तो नोंदवून ठेवणे हे इतिहास, नाट्यशास्त्र आणि माध्यमविद्या या तिन्ही विषयांच्या अभ्यासकांचे संयुक्त दायित्व होय.